बाळाच्या नावांचं पेड ॲप: परदेशी नावांना साडेचार स्टार, आपल्या नावांना दोन

आधी निकाल सांगते, मग बाकीचं. घरात नवरा एका देशाचा आणि बायको दुसऱ्या देशाची, किंवा बाळ परदेशात जन्मणार असेल, तर हे ॲप एका महिन्यासाठी पैसे भरून घ्या, पैसे वसूल होतात. पण पुण्यात किंवा नाशकात बसून संस्कृत नाव आणि त्याचा खरा अर्थ शोधत असाल तर एक रुपयाही घालू नका, कारण नेमकं तिथेच हे ॲप मार खातं.

कुठलं ॲप ते लिहीत नाहीये. चुकांची यादी मी त्यांना मेल केलीय, दुरुस्तीला वेळ मिळायला हवा, आणि खरं सांगायचं तर या साच्यातली ॲप्स ढिगाने आहेत, वरवरची थोडी नावं फुकट आणि बाकी सगळ्याला कुलूप, त्यामुळे इथे लिहिलेलं बरंचसं तुम्ही वापरत असाल त्यालाही लागू पडेल.

माझी गरज काय होती ते सांगते म्हणजे मी कुठल्या बाजूने बघतेय ते कळेल. धाकटा भाऊ जर्मनीत, भावजय जर्मन, त्यांना मुलगी झाली, आणि आपल्याकडे नाव ठेवायचा मान आत्याचा. पाळण्यात घालून कानात कुर्र करायचं तर सुचवायची जबाबदारीही माझीच असं मी मानते. अटी बऱ्याच होत्या. कोल्हापूरच्या आजीला आणि तिकडच्या आजीला दोघींना धड म्हणता आलं पाहिजे, तिथल्या शाळेत बाईंनी हजेरी घेताना वाट लावू नये, भावजयीला अर्थ आवडला पाहिजे, आणि आईचा हट्ट की नावरस अक्षर निदान विचारात तरी घ्या. आणि माझी स्वतःची एक अट, सांगितलेला अर्थ खरा हवा. पोरगी पंधरा वर्षांची झाल्यावर विचारेल आत्या माझ्या नावाचा अर्थ काय, तेव्हा तिला ॲपने रचलेली थाप सांगायची नाही मला.

ॲपचं वापरणं सोपं आहे, त्यावर फार लिहीत नाही. भाषा निवडा, अक्षर निवडा, आवडलं की उजवीकडे सरकवा, नाही आवडलं तर डावीकडे, भाऊ भावजय दोघांनी आणि मी आपापल्या फोनवर केलं आणि तिघांनाही आवडलेली नावं वेगळ्या यादीत आली. वेळेचा फरक असताना हे फार बरं पडतं, फोनवर वाद होत नाहीत. नक्षत्रावरून अक्षरही देतं, अश्विनी असेल तर चू चे चो ला असं चरणानुसार, ते मी घरच्या पंचांगाशी ताडून बघितलं, बरोबर आहे. आई खूश.

आता खरी मजा. पैसे भरल्यावर प्रत्येक संस्कृतीचं एक पान उघडतं, तिथे नावांची यादी तर आहेच पण त्याआधी ते लोक नाव ठेवतात कसं यावर मोठा लेख आहे, आणि हे लेख ज्याने कोणी लिहिलेत त्याला माझा नमस्कार. मी यादी बघायला गेले आणि लेखच वाचत बसले.

घानामधल्या अकान लोकांचं घ्या. बाळ ज्या वारी जन्मलं त्या वाराचं नाव त्याला आपोआप मिळतं. शुक्रवारचा मुलगा कोफी, शुक्रवारची मुलगी आफुआ, शनिवारचा क्वामे आणि आमा, रविवारचा क्वासी आणि अकोसुआ. संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस होते ना कोफी अन्नान, त्यांचं पूर्ण नाव कोफी अट्टा अन्नान, जन्म ८ एप्रिल १९३८, वार शुक्रवार, म्हणून कोफी. अट्टा म्हणजे जुळ्यांपैकी एक, त्यांना जुळी बहीण होती, आणि अन्नान म्हणजे चौथं अपत्य. म्हणजे तीन शब्दांत त्या माणसाचा वार, जुळेपण आणि घरातला नंबर सगळं आलं! आपण नुसतं कोफीचा अर्थ शुक्रवार एवढंच वाचलं असतं तर म्हणालो असतो हे काय नाव, पण रीत कळली की नाव उलगडतं.

आणि हे वाचताना मला आपले पालघर ठाण्याकडचे आदिवासी पाडे आठवले. तिथे जुन्या पिढीत सोमा, मंगळ्या, बुध्या, शुक्र्या, बायकांत सोमी, बुधी अशी नावं अगदी सरसकट, जन्माचा वार तेच नाव. घानाची पद्धत इतकी प्रेमाने समजावून सांगणाऱ्या या ॲपमध्ये मराठी पानावर बुध्या नाही, सोमी नाही. का नाही? आफ्रिकेतलं वाराचं नाव सुंदर परंपरा आणि पाड्यावरचं वाराचं नाव यादीत घ्यायच्याही लायकीचं नाही, असं कसं चालेल. हा माझा पहिला आक्षेप आणि तो मी त्यांना लिहिलाय.

योरुबा लोकांचं पान तर मी भावजयीला वाचून दाखवलं. नायजेरियात जुळी फार होतात, आणि जुळ्यांची नावं ठरलेली, आधी येणारा ताइवो, मागून येणारा केहिंदे. ताइवो म्हणजे जगाची चव आधी घेणारा. पण मोठा कोण मानतात, तर केहिंदे! कारण मोठ्याने धाकट्याला पुढे पाठवलं, जा बघून ये जग कसं आहे, बरं असेल तर मी येतो. आजोबा गेल्यावर लगेच नातू झाला तर बाबातुंदे, म्हणजे बाबा परत आले, आजीच्या मागून नात झाली तर येतुंदे, आई परत आली. आपल्याकडे नाही का म्हणत, आजोबाच आले पोटी, आणि मग आजोबांचं नाव नातवाला, आणि सुनेने सासऱ्यांचं नाव घ्यायचं नाही म्हणून पोराला हाक मारायची दादा नाहीतर आप्पा. किती घरांत चार वर्षांच्या पोराला आप्पा म्हणताना ऐकलंय मी.

याच पानावर एक गोष्ट आहे ती वाचून मी ॲप बंद करून थोडा वेळ नुसती बसले. मुलं जगत नसतील अशा घरात योरुबा लोक पुढच्या बाळाला कोकुमो म्हणतात, म्हणजे आता मरणार नाही, किंवा दुरोजाइये, म्हणजे थांब आणि आयुष्य उपभोग. आईने लेकराला केलेली विनवणीच ती, हाक मारताना दर वेळी. पूर्व युरोपातल्या ज्यू लोकांत आजारी मुलाचं नाव बदलून आल्टर ठेवायचे, म्हणजे म्हातारा, की मृत्यूचा दूत मुलाला शोधत आला तर त्याला मूल सापडूच नये, म्हाताराच दिसावा. कुणी खाइम ठेवायचे, म्हणजे जीवन. इंडोनेशियाचे पहिले अध्यक्ष सुकर्णो, त्यांचं जन्माचं नाव कुस्नो होतं, लहानपणी सारखे आजारी म्हणून वडलांनी जावाच्या रिवाजाप्रमाणे नाव बदललं आणि महाभारतातल्या कर्णावरून सुकर्णो ठेवलं. थायलंडमध्ये सरकारी कागदावरचं नाव लांबलचक संस्कृत आणि घरात हाक मारायचं नाव मू म्हणजे डुक्कर नाहीतर कुंग म्हणजे कोळंबी, का तर जुन्या समजुतीप्रमाणे भुताखेतांची नजर गोंडस बाळावर पडू नये.

मग आपले दगडू, धोंडू, भिकू, केरू, कचरू कोण आहेत? हेच ना? आधीची दोन तीन लेकरं गेली की पुढच्याला दगड म्हणायचं, केर म्हणायचं, भिकेत मागून आणलेला म्हणायचं, म्हणजे सटवाईची नाहीतर काळाची नजर त्याच्यावरून सरकून जाईल. माझ्या पणजोबांचं नाव धोंडीबा. त्यांच्या आधीची भावंडं राहिली नव्हती. या ॲपमध्ये दगडू टाकून बघितलं तर नाव आहे, पण समोर लिहिलंय अर्थ दगड, खाली लाल पट्टी, नकारात्मक अर्थ, सुचवत नाही. कोकुमोला अख्खा परिच्छेद आणि दगडूला लाल पट्टी. एका आईची तीच भीती, तीच माया, आणि आपल्याच देशात बनलेल्या ॲपला ती दिसली नाही याचं मला मनापासून वाईट वाटलं. अर्थाचा रकाना भरला की नाव समजलं असं नसतं, ते कुणी, कधी, कशासाठी ठेवलं हे कळल्याशिवाय अर्थ अर्धाच आहे, आणि हे त्यांच्याच आफ्रिकेच्या लेखांतून मी शिकले.

एक मात्र यात मिसळू नका, नकुशी. ते नाव वाईट नजर टाळायला नव्हतं, मुलगी नको होती म्हणून होतं. २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात २८५ मुलींनी समारंभात नवी नावं घेतली, त्याची बातमी परदेशातही गेली होती. दगडू आणि नकुशी दोन्हींना एकाच लाल पट्टीत बसवणं हे फारच आळशी काम आहे. एका नावात लेकरू जगावं म्हणून धडपड आहे आणि दुसऱ्यात ते आलंच कशाला असा सूर आहे, लाल पट्टीला तो फरक कसा कळणार.

बरं, आता ॲपचं सगळ्यात उपयोगी फीचर. एकच नाव दोन भाषांत असेल तर ते दोन वेगळ्या नोंदी दाखवतं आणि स्पष्ट सांगतं की यांचा एकमेकांशी संबंध नाही. समीर बघा. संस्कृतात वारा. अरबीत समीर म्हणजे रात्री गप्पा मारायला सोबत बसणारा मित्र. दोन्ही खरे, दोन्ही आपापल्या घरचे. लीला आपली, लैला अरबीतली रात्र, युरोपात दोन्ही जवळजवळ सारखंच ऐकू येतं. वन्याचं आजकाल वान्या करतात मुलींसाठी, आपल्याकडे वनातली, पण रशियात वान्या म्हणजे इवानचं लाडाचं नाव, मुलाचं! कुणी रशियन मैत्रीण असेल तर ती चमकणारच. आणि गिफ्ट, नायजेरिया झिंबाब्वेकडे हे छान इंग्रजी नाव म्हणून मुलामुलींना ठेवतात, जर्मनीत मात्र गिफ्ट म्हणजे विष, तिथे ॲप आधीच सावध करतं.

किरणचं सगळ्यात आवडलं मला. आपल्याकडे प्रकाशाचा किरण, आणि आयर्लंडमध्ये अगदी तसंच ऐकू येणारं किएरन, त्याचा अर्थ छोटा काळा. उजेड एकीकडे आणि काळोख दुसरीकडे, आणि उच्चार जवळपास एक. याच किरणची जर्मनीतली एक गोष्ट आहे जी ॲपच्या जर्मनीच्या पानावर सापडली आणि आमच्या घरात त्यावर जोरदार चर्चा झाली. एका भारतीय जर्मन जोडप्याने मुलीचं नाव किरण ठेवलं, तिथल्या नोंदणी कार्यालयाने अडवलं, म्हणे यावरून मुलगा की मुलगी कळत नाही, कळेल असं दुसरं नाव जोडा. आईबाप सर्वोच्च घटना न्यायालयापर्यंत गेले आणि ५ डिसेंबर २००८ ला न्यायालयाने सांगितलं की नावावरून लिंग कळलंच पाहिजे असा कायदा नाही, नाव ठेवायचा हक्क आईवडलांचा. आपल्याकडे किरण मुलगाही आणि मुलगीही, कुणाला कधी अडचण झाली का? पण त्या आईबापांनी भांडण केलं म्हणून आज माझ्या भावासारख्यांना सोपं जातंय.

आइसलँडमध्येही असंच झालं. तिथे नावांची सरकारी समिती आहे, यादीत नसलेलं नाव ठेवायचं तर त्यांची मंजुरी लागते. ब्लायर म्हणजे मंद झुळूक, पण हे मुलाचं नाव असं समितीचं म्हणणं, त्यामुळे एका मुलीचं नाव सरकारी कागदावर कितीतरी वर्षं नुसतं मुलगी असंच होतं. २०१३ मध्ये कोर्टाने तिला तिचं नाव दिलं. २०१९ ला कायदाच बदलला.

आइसलँडवरून दुसरा मुद्दा, आडनावाचा. तिथे बहुतेकांना आडनाव नसतंच, वडलांचं नाव आणि पुढे मुलगा किंवा मुलगी. विग्दीस फिनबोगादोतिर, १९८० ते १९९६ राष्ट्राध्यक्ष होत्या, लोकांनी निवडून दिलेल्या जगातल्या पहिल्या महिला राष्ट्राध्यक्ष, तर दोतिर म्हणजे दुहिता, फिनबोगीची मुलगी. तिकडची छापील टेलिफोन डिरेक्टरी पहिल्या नावाने लावलेली असायची. इथिओपियातही आडनाव नाही, स्वतःचं नाव आणि वडलांचं नाव. तमिळ लोकांत वडलांच्या नावाचं आद्याक्षर आधी. म्यानमारच्या आंग सान सू ची, त्यांच्या नावात आडनाव कुठेच नाही, आंग सान वडलांचं, सू वडलांच्या आईचं, ची आईच्या नावातून घेतलेलं. रशियन, अरब, सगळे बापाचं नाव मध्ये नाहीतर मागे घेऊन फिरतात. आणि आपण मराठी माणसं तर आधीपासूनच नाव, वडलांचं नाव, आडनाव असं पूर्ण लिहितो, आणि १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळांसाठी महाराष्ट्र सरकारने आईचं नावही मध्ये आणलंय, बाळाचं, मग आईचं, मग वडलांचं, मग आडनाव. हे सगळं जगभराचं इतकं छान लिहिणाऱ्या ॲपच्या स्वतःच्या फॉर्ममध्ये काय आहे, तर दोनच चौकटी, पहिलं नाव आणि शेवटचं नाव! पूर्ण नाव कसं ऐकू येतं ते तपासायची सोय दिलीय ती या दोन चौकटींवरच चालते. आईवडलांच्या नावासकट म्हणून बघता येत नाही. नावाची लय सगळी त्यावर असते हो, मुलगी दहावीच्या सर्टिफिकेटवर अख्खं नाव घेऊन जाणार आहे.

जपानचं पान छोटं आहे पण चांगलं. आवाज एक आणि लिपीतली चिन्हं वेगळी असली की अर्थ वेगळा, युकी म्हणजे बर्फ हे आपण कुठेही वाचतो पण तेच युकी दुसऱ्या चिन्हाने लिहिलं की सुख, त्यामुळे नुसत्या उच्चाराला अर्थ चिकटवता येत नाही. १९९३ मध्ये एका जोडप्याने मुलाचं नाव आकुमा म्हणजे सैतान ठेवायला घेतलं तेव्हा नोंदणीवाल्यांनी नकार दिला, आणि मे २०२५ पासून नव्या नियमाने चिन्हाचा वाट्टेल तो उच्चार लावायलाही बंधन आलंय.

आता योहानानची साखळी. मूळ हिब्रू, अर्थ यहोवा कृपाळू आहे. त्याचा इंग्रजीत जॉन, जर्मनमध्ये योहान आणि हान्स, फ्रेंच ज्याँ, स्पॅनिश हुआन, इटालियन जोव्हानी, रशियन इवान, आयरिश शॉन, स्कॉटिश इयन. कुराणातले याह्या म्हणजेही तेच. आणि पोर्तुगीजांबरोबर तेच नाव गोव्यात जुआंव होऊन आलं, २४ जूनला गोव्यात सांजांव असतो, डोक्यावर फुलापानांचे मुकुट घालून विहिरीत उड्या मारतात, तो याच संत जॉनचा सण. ॲपमध्ये ही साखळी झाडासारखी काढून दाखवलीय, बोटाने फांदी दाबली की तो देश उघडतो, बघायला सुंदर आहे. गोव्याची फांदी मात्र नाही. आणि दुसरी एक फांदी नाही जी मला फार हवी होती, आपल्या कोकणातले मराठी बोलणारे ज्यू, बेने इस्राएल. अलिबाग पेणच्या भागात शेकडो वर्षं राहिलेले, तेल गाळणारे, शनिवारी घाणा बंद म्हणून शनवार तेली म्हणायचे त्यांना. त्यांनी हिब्रू नावं घेतली आणि मराठी जी लावला, सॅम्युअलचा समाजी, अब्राहमचा अबाजी, आणि गावावरून आडनावं, रोहेकर, पेणकर, किहिमकर. समाजी हे नाव ऐकून कुणाला वाटेल की याचा उगम जेरुसलेमकडचा आहे? नावांच्या प्रवासावर ॲप काढायचं आणि हे नाही म्हणजे मराठी पान कुणा मराठी माणसाने बघितलंच नाहीये.

त्यावरूनच मुख्य तक्रार. भारतीय नावांचे अर्थ. मी घरी बसून एकेक नाव आपट्यांच्या संस्कृत कोशात, १८९० चा आहे तो, ऑनलाइन फुकट मिळतो, त्यात बघत गेले. आरव. ॲप म्हणतं शांत. कोशात आरव म्हणजे आवाज, ओरडणं, अगदी उलटं! तृषा, ॲप म्हणतं उदात्त, अहो तृषा म्हणजे तहान, शाळेतल्या मराठीतही आहे हा शब्द. अद्विक म्हणजे अद्वितीय असं लिहिलंय, असा शब्द मला संस्कृत कोशात कुठे दिसला नाही. रेयांश म्हणजे सूर्याचा अंश, रवि आणि अंश जोडले तर रव्यंश होतं, रेयांश कुठून आलं? कियारा संस्कृत म्हणून टाकलंय, अर्थ काळ्या केसांची आणि तेजस्वी, दोन्ही. इटालियन कियारा म्हणजे उजळ, असिसीची संत क्लारा तिचं हे नाव, आणि आयरिश किआरा म्हणजे काळी, दोन वेगळी नावं एका भांड्यात ढवळून त्यावर संस्कृतचं लेबल. समीरच्या बाबतीत जे इतकं नीट केलं ते इथे का नाही केलं?

कुणाच्या मुलाचं नाव आरव असेल तर कृपया वाईट वाटून घेऊ नका. नाव गोड आहे, आणि घर आवाजाने भरून टाकणारं पोर हा काय वाईट अर्थ आहे का. माझा राग नावावर नाही, विकत घेतलेल्या माहितीत खोटं लिहिण्यावर आहे. लोक विश्वासाने आयुष्यभराचं नाव ठेवतात यावरून.

दुसरं टोक म्हणजे जे संस्कृत नाही ते संस्कृत करून टाकलंय. गुलाबराव, दौलतराव, साहेबराव, हैबतराव ही आपली अस्सल मराठी मातीतली नावं, आणि गुलाब फारसी, दौलत अरबी, साहेब अरबी, हैबत अरबी, म्हणजे दरारा. अहमदनगरच्या शाह शरीफ यांच्या नावावरून मालोजीराजांनी मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली ही गोष्ट आपल्याकडे पिढ्यानपिढ्या सांगतात. ॲपमध्ये या सगळ्यांपुढे उगम संस्कृत. आपल्या नावांत किती ठिकाणचं पाणी आलंय हे सांगायला लाज कशाची, मला तर ते वाचायला अभिमान वाटला असता. उलट बाजूही बघा, थायलंडचे दिवंगत राजे भूमिबोल अदुल्यदेत म्हणजे सरळ भूमिबल अतुल्यतेज, इंडोनेशियाच्या माजी अध्यक्ष मेगावती सुकर्णोपुत्री म्हणजे मेघवती, सुकर्णोंची पुत्री, ते लोक आपल्याकडून आलेलं नाव आनंदाने मिरवतात आणि कुणी लपवत नाही.

उच्चाराच्या ऑडिओबद्दल. परदेशी नावं त्या त्या भाषेच्या माणसाच्या आवाजात आहेत, एकदम स्पष्ट. मराठी नावं मात्र हिंदी वळणाने, ज्ञानदाचं ग्यानदा, मृणाळमधला ळ गायब. पण एक सोय इतकी कामाची निघाली की तिच्यासाठी पैसे गेल्याचं दुःख नाही. आपलं नाव रोमन लिपीत लिहिलं की त्या देशातला माणूस ते कसं वाचेल ते ऐकवतं. जर्मनमध्ये J हे अक्षर य सारखं वाचतात, त्यामुळे जान्हवीचं यान्हवी, जुईचं युई. आईचं जुईवर फार मन होतं, तिने ते ऐकलं आणि स्वतःच म्हणाली राहू दे, फुलाचं नाव बिघडलेलं ऐकवणार नाही मला. माझ्या वादाने जे झालं नसतं ते ऑडिओने झालं.

पैशाचं. महिन्याचं आणि वर्षाचं असे दोन प्लॅन आहेत, वर्षाचा घेऊ नका, बाळाचं नाव काही वर्षभर शोधत नाही कुणी. ऑटो रिन्यूअल आपोआप चालू असतं, पैसे भरल्याबरोबर स्टोअरच्या सेटिंगमध्ये जाऊन बंद करा, महिना संपेपर्यंत ॲप चालतंच. आवडत्या नावांची यादी आधी बाहेर काढून ठेवा, नंतर कुलूप लागतं. मेलला उत्तर आलं, सभ्य होतं, संबंधित टीमला कळवलंय एवढंच, आरव अजून शांतच आहे.

तर परदेशी पानांना साडेचार, मराठी आणि संस्कृतला दोन, तेही नावरस बरोबर आहे म्हणून. भारतीय नाव शॉर्टलिस्ट झालं की ॲपवर न थांबता आपट्यांचा कोश आणि मराठी शब्दांसाठी मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश बघा, १८५७ ची दुसरी आवृत्ती, दोन्ही नेटवर शोधता येतात, फुकट. कोशात नाव सापडलं नाही तर घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला विचारा, गावात हे नाव कुणाचं होतं आणि का ठेवलं होतं.

आमच्या मुलीचं नाव अजून नोंदणीला जायचंय म्हणून इथे लिहीत नाही. दोन्ही आज्यांना म्हणता येतं, अर्थ कोशात बघितलाय, आणि फॉर्मवर आईचं नावही येणार आहे. कुणी जर्मनीत किंवा नेदरलँड्सकडे नोंदणी केली असेल तर मधलं नाव कसं लावलंत ते खाली नक्की सांगा, भावाला लगेच कळवते.